आधी पुस्तिका, मग परवाना

शिकाऊ परवान्याच्या परीक्षेत १५ प्रश्न असतात आणि ९ बरोबर आले की उमेदवार उत्तीर्ण होतो. सहा उत्तरे चुकलेला माणूसही ‘एल’ची पाटी लावून नागपूरच्या वर्धा रोडवर गाडी आणू शकतो. ही ९ उत्तरे तरी तो कुठून शिकतो? कोणी मोबाईलवरचे ‘हमखास येणारे प्रश्न’ घोकतो, कोणी एजंटावर सारे सोपवून मोकळा होतो. परिवहन खात्याची अधिकृत, ताजी मराठी पुस्तिका गिरीपेठेच्या आरटीओत अर्ज करणाऱ्या प्रत्येकाच्या हाती पडली पाहिजे, अशी आमची मागणी आहे.

परीक्षेचे विषय केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मधील नियम ११ ने ठरवून दिले आहेत. वाहतुकीची चिन्हे व रस्त्याचे नियम, सोबत ठेवायची कागदपत्रे, फाटक नसलेले रेल्वे क्रॉसिंग, आणि अपघात झाल्यावर चालकाची कर्तव्ये. यातला शेवटचा विषय जिवाशी निगडित आहे. मोटार वाहन कायद्याचे कलम १३४ सांगते की जखमीला जवळच्या डॉक्टरकडे किंवा रुग्णालयात पोहोचवण्याची खटपट चालकाने करायची आणि पोलिसांना कळवायचे. जमाव भडकल्यामुळे जखमीला नेणे अशक्य झाले, तर तेवढ्यापुरती सूटही कायदा देतो. डॉक्टरनेही कागदोपत्री सोपस्कारांसाठी उपचार थांबवायचे नाहीत. पुढे २०१९ च्या दुरुस्तीने मदतीला धावणाऱ्या तिऱ्हाइतालाही संरक्षण दिले. धडक देऊन पळणारा प्रत्येक जण निर्ढावलेला असतो असे आम्हाला वाटत नाही. पुष्कळदा भीतीने त्याचे डोके चालेनासे होते आणि त्या क्षणी काय करायचे हे त्याला कोणी कधी सांगितलेलेच नसते. चिन्हे ओळखण्याचे प्रश्न पाठ करून ही उणीव भरून निघत नाही.

खासगी गाइडांवर विसंबणे धोक्याचे आहे, कारण नियम बदलत राहतात. १९८९ ची रस्ता नियमावली जाऊन २०१७ मध्ये नवी वाहनचालन विनियमावली आली. २०१९ मध्ये दंड वाढले, महाराष्ट्रात ते डिसेंबर २०२१ पासून लागू झाले. ब्रॉडगेजवरची बिनफाटकाची क्रॉसिंगही २०१९ च्या सुरुवातीपर्यंत संपली. म्हणून पुस्तिकेच्या मुखपृष्ठावर आवृत्तीचे वर्ष ठळक हवे आणि जुनी आवृत्ती बाद केल्याचे खात्याने जाहीर करायला हवे. ब्रिटनमध्ये अशी अधिकृत पुस्तिका, ‘हायवे कोड’, १९३१ पासून निघते. पहिली आवृत्ती एका पेनीला मिळत होती. २०२२ मध्ये पादचाऱ्यांचा अग्रक्रम वाढवला गेला, तोही त्याच पुस्तकात. तिथले न्यायालयही अपघाताच्या खटल्यात या पुस्तकाचा आधार घेऊ शकते. अमेरिकेतील राज्ये अशी पुस्तिका संकेतस्थळावर फुकट ठेवतात.

देशातल्या रस्त्यांची वर्गवारी ज्या आराखड्याने घडवली, तो १९४३ चा ‘नागपूर प्लॅन’ याच शहरातल्या परिषदेतून निघाला. आज केंद्रीय रस्ते वाहतूक खाते नागपूरच्याच खासदारांकडे आहे. धरमपेठेत मुलांना वाहतूक समजावी म्हणून ट्रॅफिक पार्क उभारण्याची दृष्टीही या शहराला होती. मग अठराव्या वर्षी खरोखर गाडी हाती घेणाऱ्याला वाऱ्यावर का सोडायचे?

जून २०२१ पासून राज्यात ही परीक्षा घरबसल्या देता येते. काटोल-उमरेडच्या तरुणांची पायपीट वाचली, हे चांगलेच झाले. पण आता शिकाऊ परवाना मिळेपर्यंत उमेदवाराची अधिकाऱ्याशी गाठही पडत नाही, त्यामुळे समजावून सांगणारी अधिकृत पुस्तिका पूर्वीपेक्षा अधिक गरजेची झाली आहे. शिकाऊ परवान्याचे १५० आणि परीक्षेचे ५० रुपये शासन घेतेच. त्यातूनच छापील प्रत द्यावी आणि मोबाईलवरची प्रत अर्ज भरताच आपोआप पोहोचावी. सोपी मराठी, मोठी अक्षरे, रंगीत चिन्हे, आणि कलम १३४ साठी स्वतंत्र पान. परीक्षेचे प्रश्नही याच पुस्तिकेतून काढावेत, म्हणजे ती उघडून वाचली जाईल.

२०२२ या एका वर्षात देशात रस्त्यांवर १,६८,४९१ माणसे मेली. त्यापुढे छपाईच्या खर्चाची सबब टिकणारी नाही. विधिमंडळाचे हिवाळी अधिवेशन नागपुरात भरते. पुस्तिकेची पहिली आवृत्ती कोणत्या महिन्यात निघणार, हे विदर्भातल्या आमदारांनी तिथे परिवहनमंत्र्यांकडून सभागृहात वदवून घ्यावे.