वार नसलेला दिवस

कल्पित देशाचें पंचांग रचणें हा रिकामटेकडा उद्योग होय, असें कित्येकांस वाटतें. आम्हांस तसें वाटत नाहीं. इंग्रज ग्रंथकार टॉल्किन यांनीं ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या १९५५ सालीं निघालेल्या शेवटच्या खंडांत शायर प्रांतींची कालगणना दिली आहे. तेथील हॉबिट लोकांचे बाराही महिने तीस तीस दिवसांचे. उरलेल्या पांच दिवसांपैकीं दोन वर्षसंधीवर व तीन ऐन उन्हाळ्यांत, सणाचे म्हणून महिन्यांबाहेर ठेविले. आणि त्यांतील मध्यवर्षाच्या दिवसास वारच दिला नाहीं! लीप वर्षाचा वाढीव दिवसही बिनवारीच. त्यामुळें बरोबर ५२ आठवडे भरतात व प्रत्येक तारखेचा वार दरसाल तोच राहतो. महिन्याची पहिली तारीख शुक्रवारीं कधींच पडत नाहीं. म्हणून न येणाऱ्या दिवसास ते लोक थट्टेनें ‘पहिल्या तारखेचा शुक्रवार’ म्हणत.

तीस दिवसांचे महिने फ्रान्सच्या क्रांतिकारकांनींही १७९३ सालीं केले होते. परंतु त्यांनीं सात दिवसांचा आठवडा मोडून दहा दिवसांचा केला. कागदावर हिशेब सुबक झाला; मजुराची सातव्या दिवशींची विश्रांति मात्र दहाव्यावर गेली! १८०६च्या १ जानेवारीपासून नेपोलियननें ती गणना रद्द केली, तें आमच्या मतें योग्यच झालें.

बिनवारी दिवसानें एक आठवडा आठ दिवसांचा होतो, व दर सातव्या दिवशीं उपासना करणारांस हें खटकेल, ही अडचण आम्हांस मान्य आहे. तथापि हॉबिटांनीं तो जादा दिवस कामास न लावतां सणास दिला.