पिठातलं मीठ, पानातलं मीठ

नानांच्या घोट्यावर बोट दाबलं की खळगा पडायचा आणि तो भरून यायला बराच वेळ लागायचा. गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. नाना म्हणजे माझे सासरे, तोफखान्यातून निवृत्त झालेले, वय ८१. हृदय थकलेलं, रक्तदाबाच्या दोन गोळ्या आणि लघवी व्हायची एक. डॉक्टरांनी ‘मीठ कमी’ असं लिहून दिल्याला तेव्हा वर्ष होऊन गेलं होतं आणि आम्ही ते पाळत होतो. लोणचं बंद, पापड बंद, आमटी नानांपुरती आधी काढून ठेवायची आणि उरलेलीत मीठ घालायचं. तरी पाय सुजले. आठवडाभर काय काय खाता ते लिहून आणा, असं डॉक्टरांनी सांगितलं, म्हणून मी वहीच घेऊन गेले. वाचता वाचता त्यांचं बोट रविवारवर थांबलं.

‘पॅनकेक? त्यात काय घालता?’

मी म्हटलं, ‘बिनमिठाचे करते ते. धाकटीला आवडतात, म्हणून नानांनाही देते.’

‘ते ठीक. पण फुगतात कशानं?’

या प्रश्नाचं उत्तर मला येत होतं आणि तरी ते मी कधी दिलं नव्हतं. खायच्या सोड्यानं. सोडा म्हणजे सोडियम बायकार्बोनेट. नाव ओट्यावरच्या डबीवरच छापलेलं होतं.

घरी येऊन मी वजनकाटा काढला. चार माणसांचे आठ पॅनकेक करायचे तर दोन वाट्या मैदा, दोन अंडी, दोन कप दूध, एक चमचा सोडा आणि अर्धा चमचा मीठ लागतं. चमचा म्हणजे मापाचा, पाच मिलिलिटरचा. अर्ध्या चमचा मिठात सोडियम साधारण ११५० मिलिग्रॅम. एक चमचा सोड्यात १२५०च्या आसपास. म्हणजे मिठापेक्षा सोड्याचंच जास्त! अंड्यांचं आणि दुधाचं मिळून साडेतीनशे होतं, मैद्यात जवळपास काहीच नाही. तीन पॅनकेक खाल्ले की हजाराच्या वर सोडियम पोटात जातं. मी मीठ वगळत होते, तरी तीन पॅनकेकमध्ये सहाशे उरतच होतं. जागतिक आरोग्य संघटनेनं निरोगी माणसासाठी दिवसाची मर्यादा सांगितली आहे ती २००० मिलिग्रॅम सोडियमची, म्हणजे सगळं मिळून ५ ग्रॅम मिठाची. नानांच्या न्याहारीतच त्याचा जवळपास तिसरा हिस्सा संपत होता, आणि जिभेला त्याचा पत्ताही लागत नव्हता, कारण सोड्याचं सोडियम खारट लागत नाही. वर केळं आणि मध घातला की पदार्थ गोडच.

सूज पॅनकेकनंच आली असं डॉक्टर म्हणाले नाहीत, मीही म्हणत नाही. पण वहीत एक रविवारच नव्हता. मंगळवारी रव्याची झटपट इडली होती, फ्रूट सॉल्ट घातलेली. त्या पाच ग्रॅमच्या एका पुडीत आठशेच्या वर मिलिग्रॅम सोडियम असतं. रोज संध्याकाळी चहाबरोबर दोन खाऱ्या होत्या. शुक्रवारी छोले, आणि ते भिजवताना चिमूटभर सोडा, लवकर शिजावेत म्हणून. मिठाच्या डब्यावर मी पहारा ठेवला होता आणि सोडियम मागच्या दारानं घरात येत होतं. ते शरीरात पाणी धरून ठेवतं. थकलेल्या हृदयाला ते पाणी उपसणं जड जातं, आणि मग ते पायांत उतरतं.

दर आठवड्याला या जागेत मी स्वयंपाकघराबद्दल लिहिते. आज लिहिताना मनात राग आहे तो त्या ‘मीठ कमी’ या दोन शब्दांवर. बहुतेक घरांत पथ्याचा कागद एवढाच येतो. त्याच्याखाली आणखी एक ओळ हवी: सोडा, बेकिंग पावडर, फ्रूट सॉल्ट, पापडखार हेही मोजा. ती ओळ लिहायला अर्धं मिनिट लागतं. २०१७-१८ च्या राष्ट्रीय पाहणीत आपल्याकडे प्रौढ माणूस दिवसाला सरासरी ८ ग्रॅम मीठ खातो असं दिसलं होतं. मर्यादेच्या दीडपटीहून जास्त. आणि आपलं हे मीठ दुकानातल्या पाकिटांतून जितकं येतं त्याहून कितीतरी जास्त घरच्या चुलीवर पडतं. म्हणजे ते कमी करणं आपल्याच हातात आहे. हातात काय घेतलंय ते फक्त कुणी नीट सांगायला हवं.

मग पॅनकेक बंद करायचा का? धाकटी रडवेली झाली. नानांनाही तो रविवार हवा होता. आणि खरं सांगायचं तर, देवळाली कॅम्पमध्ये राहून धिरड्यावाचून अडायचं कारणच नाही. या गावाइतकी तऱ्हेतऱ्हेची धिरडी मी दुसरीकडे कुठे पाहिलेली नाहीत. हवापालटासाठी मुंबईची माणसं पिढ्यान्‌पिढ्या इथल्या सॅनेटोरियममध्ये येऊन राहिली, पारशी आली, गुजराती-जैन आली. फाळणीनंतर सिंधी निर्वासित लष्कराच्या बराकींत उतरले आणि इथलेच झाले. ज्यानं त्यानं आपला तवा बरोबर आणला. सिंधी घरात बेसनाचा चिलडो होतो, कांदा-कोथिंबीर घातलेला. गुजराती घरात पुडला. आमच्याकडे धिरडं आणि घावन. पलीकडच्या बंगलीतल्या पारशी आजी चापट करतात. मैदा, अंडी, दूध, साखर, जायफळ-वेलची आणि वरून चारोळी. कागदासारखी पातळ, कडेला जाळी पडलेली. मी त्यांना विचारलं, यात सोडा किती? त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. चापटीत सोडा कशाला?

चापटीतच नाही, यातल्या एकालाही सोडा लागत नाही. पातळ असेल ते जाळीनं हलकं होतं आणि जाड असेल ते आंबवून. डबीतला सोडा आपल्या तव्यावर आला तो घाईमुळे.

म्हणून मी आंबोळीकडे वळले. तीन वाट्या तांदूळ, एक वाटी उडीद डाळ, चमचाभर मेथ्या, मूठभर पोहे. पाच-सहा तास भिजवायचं, वाटायचं, रात्रभर ठेवायचं. तांदळातली निम्मी वाटी काढून तिथे नागली घातली की रंग तपकिरी येतो आणि चव खमंग होते. इगतपुरी-त्र्यंबककडची नागली भगूरच्या बाजारात सहज मिळते. डाळीवर आणि दाण्यावर मुळातच असलेले जिवाणू पिठातली साखर खातात, आम्ल करतात आणि वायू सोडतात. तोच वायू पीठ वर उचलतो. हे काम एका रात्रीचं, आणि त्यात सोडियम शून्य. वर आंबटपणाही मिळतो, आणि पदार्थ आंबट असला की मीठ कमी आहे हे जिभेला तितकंसं जाणवत नाही. लिंबू, चिंच, घरचं ताक या सगळ्यांचा बिनमिठाच्या स्वयंपाकात हाच उपयोग.

अडचण इथल्या थंडीची. डिसेंबर-जानेवारीत पारा १० अंशांखाली जातो आणि पीठ सकाळी उठून बघावं तर रात्री ठेवलं होतं तसंच, दगडासारखं. सुरुवातीला मी दोनदा हरले आणि दोन्ही वेळा सोड्याच्या डबीकडे हात गेला होता. आता पीठ वाटताना कोमट पाणी घेते. पिठाचं पातेलं मोठ्या डब्यात ठेवते, शेजारी गरम पाण्याची तांब्याची कळशी, झाकण लावून वर नानांची जुनी फौजी घोंगडी. चौदा-सोळा तास लागतात. शनिवारी दुपारी वाटलं तर रविवारी सकाळी मिळतं. झाकण उघडलं की आधी वास येतो, आंबूस, किंचित ताकासारखा. पीठ काठापर्यंत आलेलं असतं. पळी आत घातली की मधाच्या पोळ्यासारखी भोकं दिसतात आणि पीठ हलकेच फुसफुसतं. ते ढवळायचं नाही. पळीनं वरचं वर उचलून तव्याच्या मध्यावर सोडायचं आणि पसरायचं नाही, म्हणजे जाड राहतं. तव्याला थेंबभर तेल, वर झाकण. दीड मिनिटात माथ्यावर छिद्रं उमलतात, आधी कडेला, मग मध्ये. मधली छिद्रं कोरडी दिसली की उलटायचं. धाकटीच्या पिठात कुस्करलेलं केळं आणि गुळाचं पाणी पडतं आणि तो तिचा पॅनकेक होतो. ज्या रविवारी शनिवार हुकलेला असतो त्या रविवारी अंड्याचा पांढरा भाग वेगळा फेसून घ्यायचा, ताठ उभा राहील इतका, आणि शेवटी मैद्याच्या पिठात हलक्या हातानं मिसळायचा. सोडा नसताना तो पॅनकेकही छान फुगतो.

आता मीठ. पिठात एक कणही घालत नाही. जुन्या पद्धतीनं पान वाढायचं तर सगळ्यात आधी मीठ वाढायचे, पानाच्या वरच्या कडेला, लिंबाच्या फोडीजवळ. ज्याला लागेल त्यानं घ्यावं. ती रीत मला आता नव्यानं कळली. पिठात मिसळलेलं मीठ निम्मं न कळताच गिळलं जातं. तेच तव्यावरून उतरल्यावर वर भुरभुरवलं तर थेट जिभेला लागतं आणि थोडक्यात भागतं. मी नानांच्या ताटात अर्धा ग्रॅम ठेवते, म्हणजे २०० मिलिग्रॅम सोडियम. अर्धा ग्रॅम म्हणजे किती, हे एकदा काट्यावर बघून ठेवावं. माझी ‘चिमूट’ काट्यावर जवळजवळ एक ग्रॅम भरली होती. बरोबर चटणी ओल्या खोबऱ्याची, लसूण, हिरवी मिरची, भरपूर लिंबू आणि भाजलेलं जिरं घालून, बिनमिठाची. पहिले दोन-तीन आठवडे सगळं अळणी लागलं. मग जीभ वळली. आता बाहेरची चटणी आम्हाला सगळ्यांनाच खारट लागते.

दोन गोष्टींबद्दल सावध करायला हवं, कारण त्या प्रेमानं सांगितल्या जातात. एक, सैंधव. ते ‘औषधी’ म्हणून नानांसाठी तीन घरांतून आलं. सैंधव काय, समुद्राचं मीठ काय, दोन्ही मुख्यतः सोडियम क्लोराइडच. रंग गुलाबी असल्यानं सूज उतरत नाही, आणि बिनआयोडीनचं असेल तर आयोडीनही जातं. दुसरी, कमी सोडियमचं म्हणून मिळणारं मीठ. त्यात सोडियमचा काही भाग काढून पोटॅशियम घातलेलं असतं. चीनमध्ये ६०० खेड्यांतल्या सुमारे २१ हजार लोकांवर असं मीठ वापरून पाहिलं, तेव्हा पक्षाघाताचं प्रमाण १४ टक्क्यांनी घटलं. तो अभ्यास २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. वस्तू चांगली आहे. पण ज्यांची किडनी थकली आहे किंवा ज्यांच्या रक्तदाबाच्या गोळ्या शरीरात पोटॅशियम साठवतात, त्यांच्यासाठी तेच मीठ जिवावरचं ठरू शकतं. नानांच्या गोळ्या त्यातल्याच, म्हणून आमच्या डॉक्टरांनी त्याला साफ नाही म्हटलं. आपल्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय ते घरात आणू नका. आणि मीठ किती कमी करायचं, तेही त्यांनाच ठरवू द्या. तयार पिठाचं पाकीट आणलंच तर मागे सोडियमचा आकडा बघा, आणि घटकांत ५०० हा क्रमांक शोधा. तो सोड्याचा.

शेवटचा मुद्दा मला सर्वांत जवळचा. वर्षभर मी नानांची आमटी वेगळी काढत होते. वेगळी वाटी, वेगळं पातेलं. नाना कधी बोलले नाहीत, पण जेवायला बसले की आधी बाकीच्यांच्या ताटात बघायचे. गांधीजींनी आत्मकथेत लिहिलंय की दक्षिण आफ्रिकेत कस्तुरबा आजारी असताना आपण त्यांना मीठ आणि डाळ सोडायला सांगितलं. हे तर तुम्हालाही सोडता येणार नाही, असं बा म्हणाल्या. त्याच क्षणी गांधीजींनी वर्षभरासाठी दोन्ही सोडलं. त्यांच्या आहारातल्या मतांशी मी सहमत असेन-नसेन, पण आजारी माणसाला एकटं जेवायला लावायचं नाही, ही त्यातली गोष्ट मला पटते. पुढे १९३० मध्ये मूठभर मिठासाठी दांडीला चालत गेलेला माणूस तोच.

आता घरात पातेलं एकच आहे. पीठ एकच, चटणी एकच, मीठ ज्याच्या त्याच्या ताटात. माझ्या नवऱ्याचाही रक्तदाब काठावर आहे, मीही पन्नाशीला आले आहे. वेगळं पातेलं कोणासाठी ठेवायचं होतं?

परवाच्या रविवारी सकाळी तोफांचा सराव चालू होता, खिडक्यांची तावदानं थरथरत होती. नाना प्रत्येक आवाजाला दिशा सांगत होते. धाकटीनं पहिली आंबोळी त्यांच्या ताटात वाढली आणि अर्ध्या ग्रॅमच्या मिठातले चार दाणे चिमटीत धरून वरून सोडले. त्यांनी लिंबू पिळलं. मग उरलेलं मीठ बोटानं ताटाच्या कडेला सारलं आणि दुसरी मागितली.