नऊ कला, आठ कला

ग्रहगतीवरचं पुस्तक हाती आलं की मी आधी एकच गोष्ट पाहतो. गणितानं दिलेली ग्रहाची जागा आणि आकाशात दिसलेली जागा यांत किती अंतर उरलं, हे लेखक सांगतो का? बहुतेक लोकप्रिय पुस्तकं सांगत नाहीत. त्यांत शनीची कडी असतात, गुरूवरचा लाल डाग असतो, केप्लरचे तीन नियम चौकटीत छापलेले असतात आणि ग्रह त्या नियमांप्रमाणे निमूट फिरत असतात. या विषयाचा सगळा जीव मात्र त्या उरलेल्या अंतरात आहे. लेखक त्या अंतराचं काय करतो, तिथे ग्रंथाचा कस लागतो.

यासाठी दोन जुने ग्रंथ शेजारी ठेवून पाहावेत. एक शके १४४२चा, म्हणजे इ.स. १५२०चा : मुरुड-जंजिऱ्याजवळ समुद्रकाठी असलेल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांचा ‘ग्रहलाघव’. दुसरा १६०९चा : योहानेस केप्लरचा ‘अॅस्ट्रोनोमिया नोव्हा’, म्हणजे ‘नवं खगोलशास्त्र’. दोघांमध्ये ८९ वर्षं आणि अर्धी पृथ्वी. एकाला दुसऱ्याची वार्ता असण्याची शक्यता नाही. पण दोघांच्याही हाती जवळजवळ तेवढंच अंतर उरलं होतं.

गणेश दैवज्ञांचे वडील केशव स्वतः आकाश पाहणारे होते. जुन्या सिद्धांतांवरून काढलेले ग्रह आकाशातल्या ग्रहांशी जुळत नाहीत हे त्यांनी पाहिलं, ‘ग्रहकौतुक’ लिहिला, आणि पुढच्या गणकांनीही युती, उदय-अस्त पाहून असेच नवे ग्रंथ करावेत असं सांगून ठेवलं. मुलानं ते काम पुढे नेलं. गणेश दैवज्ञांनी एकाच पंथाला बांधून घेतलं नाही. सूर्य सौर पक्षाचा घेतला. चंद्रही सौर पक्षाचाच, पण त्यातून ९ कला वजा केल्या. शनी आर्य पक्षाचा घेऊन त्यात ५ अंश मिळवले. शुक्रासाठी ब्राह्म आणि आर्य पक्षांचा मध्य काढला. आणि हे सगळं त्यांनी ग्रंथात उघड सांगितलं.

चंद्रातल्या ९ कला म्हणजे किती? एका अंशाच्या ६० कला, पौर्णिमेच्या चंद्रबिंबाची रुंदी साधारण ३१ कला. म्हणजे ९ कला हा बिंबाचा तिसरा हिस्साही नाही. पण चंद्र सूर्यापासून तासाला साधारण साडेतीस कला पुढे सरकतो. त्यामुळे ९ कला कमी केल्या की तिथी सुमारे १८ मिनिटं, म्हणजे जवळजवळ पाऊण घटिका उशिरा संपते. एकादशी आज की उद्या, ग्रहण केव्हा लागणार, हे सगळं त्या पाऊण घटिकेवर अवलंबून असे. ज्यांच्या दारात लोक हे विचारायला येत, त्यांना ९ कला लहान वाटणं शक्यच नव्हतं.

ग्रंथाचा दुसरा गुण त्याच्या नावातच आहे. कलियुगाच्या आरंभापासून दिवस मोजले तर १५२०पर्यंत जवळजवळ १७ लाख दिवस होतात, आणि एवढ्या आकड्याला गुणत-भागत बसावं लागतं. गणेश दैवज्ञांनी १३६ चांद्रमासांचं, म्हणजे ४०१६ दिवसांचं चक्र धरलं. साधारण ११ वर्षांनी मोजणी पुन्हा शून्यापासून. ज्याकोटिज्यांची कटकटही काढून टाकली. दर १५ अंशांना एक अंक देऊन ठेवला, मधलं त्रैराशिकानं काढायचं. पाटीवर धूळ पसरून बोटानं गणित करणाऱ्या माणसाला हे वरदान होतं, आणि पुढे साडेतीनशे वर्षं महाराष्ट्र, गुजरात आणि कर्नाटकाच्या बऱ्याच भागात पंचांगं याच ग्रंथावरून होत राहिली.

माझी तक्रार आहे ती या यशाबद्दल. ९ कला वजा करायच्या, पण का? शनीत ५ अंश घालायचे, पण जुना शनी नेमका कशामुळे मागे पडला? ग्रंथ ते विचारत नाही, आणि वापरणाऱ्याला विचारायची गरजही ठेवत नाही. केशवांचं सांगणं मागे पडलं, कोष्टकं तेवढी राहिली. चूक पुन्हा साचत गेली तेव्हा ती काढायची कशी हे जाणणारे गणक फार थोडे उरले होते. यात गणेश दैवज्ञांचा दोष मी धरत नाही. त्यांना उद्याचं पंचांग अचूक हवं होतं आणि त्यांनी ते दिलं. दोष पुढच्यांचा : दुरुस्तीसाठी लिहिलेल्या ग्रंथाला त्यांनी प्रमाणग्रंथ करून टाकलं.

आता केप्लर. १६००मध्ये तो प्रागला टायको ब्राहेकडे गेला आणि मंगळ त्याच्या वाट्याला आला. पुढच्या वर्षी टायको वारला. त्यानं दुर्बीण नसताना, मोठमोठ्या यंत्रांनी घेतलेली वेधांची रास मागे राहिली. केप्लरनं मंगळाची वर्तुळाकार कक्षा बसवायला घेतली. सूर्य मध्यापासून किती बाजूला, वेग कुठल्या बिंदूभोवती समान, हे चार वेधांवरून ठरवायचं, तेही चुकत-माकत, पुन्हा पुन्हा. या गणिताच्या किमान ७० फेऱ्या केल्याचं तो स्वतः लिहितो आणि वाचकानं आपली कीव करावी म्हणतो. शेवटी उत्तर जुळलं. सूर्याच्या समोर असताना मंगळाची जागा २ कलांच्या आत येऊ लागली. इतकं अचूक मंगळाचं गणित तोवर कुणी केलं नव्हतं.

इथे पुस्तक संपवता आलं असतं. केप्लरनं तसं केलं नाही. त्यानं तीच कक्षा अंतरांच्या कसोटीला लावली, तिथे ती टिकली नाही. अंतरं नीट बसवली तर मंगळाच्या जागेत ८ कलांपर्यंत चूक येऊ लागली. टॉलेमीच्या वेधांतच १० कलांची चूक असे, तेव्हा ८ कला पोटात घालता आल्या असत्या. टायकोच्या वेधांत तेवढी जागा नव्हती. केप्लरपुढे दोन वाटा होत्या : ८ कलांची कुठेतरी मिळवणी-वजाबाकी करून मोकळं व्हायचं, किंवा इतक्या वर्षांची कक्षा टाकून द्यायची. त्यानं कक्षा टाकली. त्याला ग्रहाला फिरवणारं कारण हवं होतं, आणि कारण शोधणाऱ्याला ‘८ कला वजा’ हे उत्तर पुरत नाही. त्या ८ कलांतून आधी समान काळात समान क्षेत्रफळाचा नियम आणि मग लंबवर्तुळ बाहेर आलं. पुस्तकाची ७० प्रकरणं आहेत आणि त्यांतल्या बऱ्याच प्रकरणांत फसलेले प्रयत्न आहेत. विल्यम डोनाह्यू यांचा इंग्रजी अनुवाद १९९२मध्ये आला. ज्यांना जमेल त्यांनी तो सावकाश वाचावा, कागद-पेन्सिल घेऊन.

पेन्सिलीचं सांगतो आहे त्याला कारण आहे. आपल्या पाठ्यपुस्तकांत ग्रहाची कक्षा कोंबडीच्या अंड्यासारखी लांबट काढतात. मुलांच्या मनात ते चित्र जन्मभर राहतं आणि केप्लरनं नेमकं काय केलं हे त्यांना कधीच कळत नाही. कंपासनं १० सेंटिमीटर त्रिज्येचं वर्तुळ काढा. मंगळाची खरी कक्षा त्या मापात काढली तर सगळ्यात अरुंद जागीही ती वर्तुळाच्या अर्धा मिलिमीटरसुद्धा आत जात नाही. पेन्सिलीच्या रेघेची जाडी तेवढी असते. सूर्य मात्र मध्यबिंदूत नसतो, तो ९ मिलिमीटर बाजूला असतो. वर्तुळाच्या जुन्या गणितात सूर्य आधीच बाजूला ठेवलेला होता, म्हणून ते गणित इतकं चांगलं चालत होतं. चुकत होती ती फक्त रेघेची जाडी. केप्लरनं ती जाडी पकडली. हे एक चित्र मुलांना नीट काढून दाखवलं तर तीन नियम पाठ करण्यापेक्षा जास्त काही हाती लागेल.

मराठीतही अशी पुस्तकं झाली आहेत. केरो लक्ष्मण छत्रे यांनी फ्रेंच-इंग्रजी कोष्टकांच्या आधारे ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ १८६०मध्ये मराठीत छापली. वाचणाऱ्याला त्यावरून स्वतः ग्रह काढता येत होते. ज्या सुमारास पॅरिसमध्ये ले व्हेरिए बुधाच्या कक्षेतला, शतकाला जेमतेम ४० विकलांचा, न लागणारा हिशोब मांडत होता, त्याच सुमारास पुण्यात हे चाललं होतं. या कोष्टकांवरून पंचांग निघालं आणि वादही भरपूर झाला. आणि मग १८९६चं शंकर बाळकृष्ण दीक्षितांचं ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’. दापोलीजवळच्या मुरुडचा हा शिक्षक प्रत्येक गणकाचा काळ ठरवतो, त्याचे आकडे आधुनिक आकड्यांशेजारी मांडतो आणि कुणाचा ग्रह किती चुकत होता हे दाखवतो. कुठे भक्ती नाही, कुठे हेटाळणी नाही. दीक्षित १८९८मध्ये गेले, पंचेचाळिशीच्या आतच. या पुस्तकाचे हिंदी आणि इंग्रजी अनुवाद झाले. आपल्याकडे ते न वाचताच त्याचं कौतुक होतं.

व्यंकटेश बापूजी केतकरांचं नावही इथे घ्यायला हवं. नेपच्यूनपलीकडे दोन ग्रह असावेत असं त्यांनी १९११मध्ये एका फ्रेंच नियतकालिकात मांडलं. त्यांतल्या ‘ब्रह्मा’चं अंतर पृथ्वीच्या ३९ पट आणि भ्रमणकाळ २४२ वर्षं. १९३०मध्ये प्लूटो सापडला : साडेएकोणचाळीस पट, २४८ वर्षं. हे वाचून ऊर भरून येतो, आणि म्हणूनच जपून बोललं पाहिजे. केतकरांनी भ्रमणकाळांच्या प्रमाणांवरून अंदाज बांधला होता. दुसरा ग्रह, ‘विष्णू’, त्यांनी सांगितलेल्या ठिकाणी मिळाला नाही. केतकरांची थोरवी त्यांच्या ग्रहगणिताच्या ग्रंथांत आहे, पण फिरतो तो प्लूटोचा किस्सा.

आज जगभरचे हौशी खगोलप्रेमी ग्रह काढायला वापरतात ते पुस्तक बेल्जियमच्या जाँ मेयस यांचं ‘अॅस्ट्रोनॉमिकल अल्गोरिदम्स’. १९९१मध्ये आलं, १९९८मध्ये सुधारून निघालं. हे आजचं ग्रहलाघव म्हणता येईल : सूत्र, त्याखाली सोडवलेलं उदाहरण, आणि उत्तर कितपत अचूक याची स्पष्ट नोंद. मराठीत गेल्या पन्नास वर्षांत विश्वाच्या उत्पत्तीवर, कृष्णविवरांवर, अंतराळमोहिमांवर चांगली पुस्तकं आली आणि मी ती आनंदानं वाचली. पण अकरावीतल्या मुलीनं हाती घ्यावं आणि आज रात्रीचा शनी स्वतः काढावा, असं मराठी पुस्तक मला दुकानात मिळत नाही. मंगळयान २०१३च्या नोव्हेंबरातच का निघालं, २०१२मध्ये का नाही, हे तिला स्वतः मोजता यायला हवं. मंगळ दर ७८० दिवसांनी सूर्यासमोर येतो, एवढ्यापासून सुरुवात करून दोन तासांत ते जमतं.

हे पुस्तक लिहू शकतील अशी माणसं आपल्याकडे आहेत. पुण्याची ज्योतिर्विद्या परिसंस्था १९४४पासून काम करते आहे, अनेक गावांत आकाशदर्शनाचे गट आहेत, गणित शिकवणारे उत्तम शिक्षक आहेत. त्यांच्यापैकी कुणी हे अंगावर घेतलं तर माझी विनंती एवढीच : पहिल्या प्रकरणात अर्ध्या मिलिमीटरचं ते वर्तुळ मुलांकडून काढून घ्या, प्रत्येक सूत्राखाली ते किती कलांपर्यंत बरोबर हे छापा, आणि कोष्टकात ‘गणितानं’ या रकान्याशेजारी ‘पाहिलेलं’ आणि ‘फरक’ असे दोन रकाने रिकामे सोडा.