सुधारणा करा, पण सरसकट नको

नव्वदच्या दशकात काचीगुड्याच्या आमच्या घरी कॅसेटवर चालणारा व्हिडिओ गेम होता, जपानी फॅमिकॉमची स्वस्त नक्कल. आता माझा भाचा सिकंदराबादच्या सीटीसी या संगणक बाजारातून आणलेल्या लॅपटॉपवर तेच खेळ एम्युलेटरने, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या सॉफ्टवेअरने, चालवतो आणि वर म्हणतो, ‘‘मामा, बघ, चित्र किती गुळगुळीत केलं!’’ मला ते पटत नाही.

प्लेस्टेशनचे त्रिमितीय खेळ मात्र जरूर सुधारावेत. 1994 चं ते यंत्र आकृतीचे कोपरे पडद्यावर पूर्णांकांतच मांडायचं, म्हणून भिंती थरथरायच्या. डकस्टेशन या प्लेस्टेशनच्या एम्युलेटरमधली पीजीएक्सपी ही सोय ती थरथर घालवते. रेझोल्युशन वाढवलं की गाड्यांच्या कडा रेखीव होतात. तो दोष यंत्राचा होता, चित्रकाराचा नव्हे.

सपाट खेळांचं तसं नाही. फॅमिकॉमचा पडदा 256 बाय 240 ठिपक्यांचा. तिथे एकेक ठिपका विचार करून बसवलेला. 1991 च्या ‘सॉनिक’मधला धबधबा उभ्या पट्ट्यांचा आहे. साध्या केबलने जोडलेल्या डबा टीव्हीवर त्या पट्ट्या एकमेकींत मिसळत आणि पाणी पारदर्शक भासे. आजच्या पडद्यावर नुसत्या पट्ट्या उरतात. त्यावर गुळगुळीत करणारा फिल्टर लावला, की चेहरे वितळलेल्या मेणासारखे होतात.

अशा खेळांसाठी रेट्रोआर्क या एम्युलेटर चालवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये डबा टीव्हीचा भास देणारा सीआरटी शेडर लावा, पडद्याचं प्रमाण 4:3 ठेवा. आणि कोणताही फिल्टर निवडण्याआधी तो खेळ कोणत्या पडद्यासाठी काढला होता, एवढं जरूर पाहा.