हप्त्याच्या आड लपलेलं कर्ज

“भाड्याचे पैसे पाण्यात, हप्त्याचे पैसे घरात.” फ्लॅट बुक करायला निघालेल्या तिशीतल्या जोडप्याला हे वाक्य बहुतेक चौघांनी ऐकवलेलं असतं. सासऱ्यांनी, ऑफिसातल्या सीनियरने, बिल्डरच्या सेल्स ऑफिसातल्या मुलीने आणि कर्जाची फाईल फिरवणाऱ्या एजंटने. पहिल्या दोघांना काळजी असते, दुसऱ्या दोघांना कमिशन. पण वाक्य चौघांचंही अर्धवटच आहे, आणि उरलेला अर्धा भाग परतफेडीच्या तक्त्यात छापलेला असतो. तो तक्ता सहसा कोणी उघडत नाही.

आपण उघडू. 50 लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के व्याज, 20 वर्षं मुदत. हप्ता बसतो 43,391 रुपये. पहिल्या ओळीत लिहिलेलं असतं: व्याज 35,417, मुद्दल 7,974. म्हणजे “घरात” गेले ते आठ हजारांहून कमी. बाकीचे पस्तीस हजार बँकेच्या पैशाचं भाडंच आहे, फक्त घरमालक बदलला. पाच वर्षांनी पाहा. तोवर 26 लाखांवर रक्कम भरून झालेली असते आणि मुद्दल सहा लाखांनीसुद्धा उतरलेलं नसतं. बाकी 44 लाख 6 हजार. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा पहिल्यांदा मोठा होतो तो 143 व्या हप्त्याला, म्हणजे बारावं वर्ष सरता सरता. आणि निम्मं कर्ज फिटायला लागतात जवळपास चौदा वर्षं. यात बँकेची लबाडी काही नाही. व्याज नेहमी बाकी रकमेवर लागतं, सुरुवातीला बाकी मोठी असते, इतकं साधं गणित आहे. लबाडी असलीच तर “अर्धी मुदत गेली म्हणजे अर्धं कर्ज गेलं” असं आपण स्वतःला समजावतो त्यात आहे.

त्याच फ्लॅटला भाडं 18 हजार धरा. पहिल्या महिन्यात “पाण्यात” जाणारे हे 18 हजार, आणि व्याजात जाणारे 35 हजार. मग पाणी नेमकं कुठे जास्त आहे?

दुसरा पूर्वपक्ष एजंटचा. उत्पन्नाच्या मानाने हप्ता जड दिसला की तो म्हणतो, “सर, वीसच्या ऐवजी तीस करू, हप्ता बसून जाईल.” आणि खरंच बसतो: 43,391 चे 38,446 होतात. महिन्याला 4,945 रुपये वाचले. एकूण परतफेड मात्र 1 कोटी 4 लाखांवरून 1 कोटी 38 लाखांवर जाते. पाच हजारांच्या सवलतीची किंमत 34 लाख. शिवाय या तीस वर्षांच्या तक्त्यात निम्मं मुद्दल फिटायला बावीस वर्षं आणि वर काही महिने जातात. वयाच्या पस्तिशीत सही केलेल्या माणसाचं सत्तावन्नाव्या वर्षी अर्धं कर्ज डोक्यावर असतं. “हप्ता परवडतो ना?” या प्रश्नाचं उत्तर मुदत ताणून कधीही “हो” करता येतं, म्हणूनच त्या प्रश्नाला अर्थ उरत नाही.

आता जरा मागे, कर्जाच्या आधीच्या खर्चाकडे. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे 30 ते 75 लाखांच्या कर्जाला घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त 80 टक्के मिळतात, आणि मुद्रांक शुल्क व नोंदणी त्या किमतीत धरत नाहीत. म्हणजे आपल्या 50 लाखांच्या कर्जामागे साडेबासष्ट लाखांचा फ्लॅट आहे. पुणे महापालिकेच्या हद्दीत बांधकाम चालू असलेला फ्लॅट पुरुषाच्या नावावर घेतला तर 7 टक्के मुद्रांक शुल्क, 30 हजार नोंदणी, 5 टक्के जीएसटी. स्वतःचे साडेबारा लाख धरून खिशातून जातात 20 लाख 30 हजार. बायकोच्या नावावर घेतला तर मुद्रांकात एक टक्का वाचतो. ती सवलत अवश्य घ्यावी, आणि निव्वळ टक्क्यासाठी नको, नाव खरोखर तिचं असावं म्हणून. तर, 20 लाख 30 हजार अधिक 1 कोटी 4 लाख. साडेबासष्ट लाखांचं घर 1 कोटी 24 लाखांना पडलं. यात फर्निचर नाही, मेंटेनन्स नाही, आणि ताबा लांबला तर भाडं व प्री-ईएमआय (ताब्याआधीचं निव्वळ व्याज) एकाच वेळी भरण्याचे महिने नाहीत.

एक खर्च तर कर्जाच्या पोटातच शिरतो. मंजुरीच्या दिवशी सह्यांच्या गठ्ठ्यात एक विम्याचा फॉर्म असतो, एकरकमी हप्त्याचा. “हा कंपल्सरी आहे सर, आणि खिशातून काही जात नाही, लोनमध्येच ॲड होतो.” कंपल्सरी तो नसतो. आणि दीड लाखांचा विमा कर्जात मिसळला की साडेआठ टक्क्यांनी 20 वर्षांत त्याचे 3 लाख 12 हजार होतात. कर्जदाराला विमा हवाच, याबद्दल वाद नाही. पण साधा टर्म विमा वेगळा, दरवर्षी हप्ता भरून घेता येतो आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी तो चालू राहतो.

इथपर्यंतचं सगळं गणित दर स्थिर धरून केलं. तो स्थिर नसतो, आणि खरी गोम तिथेच आहे. ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या मापाला, बहुतेक ठिकाणी रेपो दराला (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते त्या दराला) बांधलेली आहेत. मे 2020 ते मे 2022 रेपो 4 टक्के होता. त्या काळात 6.7 टक्क्यांनी कर्ज मिळत होतं आणि “असा दर पुन्हा नाही” म्हणत लोकांनी घरं घेतली. दर पुन्हा मिळाला नाही हे खरंच, पण घेतलेल्यांकडेही तो राहिला नाही. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो साडेसहावर गेला.

2021 चा 50 लाखांचा, 20 वर्षांचा कर्जदार घ्या. हप्ता 37,869. वर्षभर भरून बाकी 48 लाख 77 हजार, आणि मग अडीच टक्क्यांची पूर्ण वाढ लागू झाली असं समजा. 9.2 टक्क्यांनी महिन्याचं व्याज होतं 37,389. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात पडतात 480 रुपये. पन्नास लाखांच्या कर्जात महिन्याला चारशे ऐंशी! या वेगाने कर्ज फिटायला लागतील आणखी 47 वर्षं. अर्थात इतकी मुदत कोणी देत नाही. बँका निवृत्तीच्या वयापर्यंत मुदत ताणत गेल्या, आणि ती संपल्यावर हप्ता वाढवला. पण कित्येकांना हे एका एसएमएसने कळलं आणि कित्येकांना कळलंच नाही, कारण खात्यातून दर महिन्याला जाणारा आकडा तोच होता. हप्ता बदलला नाही म्हणून कर्ज बदललं नाही, असं ज्याने मानलं त्याच्या वर्षांत भर पडत गेली.

ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेला परिपत्रक काढावं लागलं ते यामुळेच. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, याचा पर्याय कर्जदाराला द्यावा; स्थिर दराकडे जाण्याची सोय, बँकेच्या धोरणानुसार, ठेवावी; आणि मुदत ताणताना हप्ता महिन्याच्या व्याजालाही पुरू नये अशी वेळ येऊ देऊ नये, असं त्यात म्हटलं आहे. पर्याय आहे, पण तो वापरायला अर्ज आपण करायचा असतो. आणखी एक खोच: बाहेरच्या मापाला बांधण्याची सक्ती बँकांवर आहे, गृहवित्त कंपन्यांवर नाही. त्या आपला दर आपल्याच मूळ दराशी जोडतात, त्यामुळे रेपो उतरल्याची बातमी वाचून तिथल्या कर्जदाराने लगेच पेढे वाटू नयेत.

टॅक्सच्या युक्तिवादावर फार वेळ घालवण्यासारखं नाही. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला 2 लाखांपर्यंत वजावट मिळते. 30 टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे सेससह 62,400 रुपये वाचतात. त्यासाठी तो पहिल्या वर्षी 4 लाख 21 हजार व्याज भरतो. नव्या पद्धतीत तर राहत्या घराला ही वजावटच नाही, आणि 2023-24 पासून नवी पद्धत हीच मूळ धरली जाते.

इतकं वाचून काही जण खूश होतील. मोबाईलवर रील टाकून “50 लाखांचे 1 कोटी 4 लाख! बँक लुटते! घर घेऊच नका, भाड्याने राहा, उरलेल्याची एसआयपी करा” म्हणणाऱ्यांचा हाच तर धंदा आहे. त्यांचंही खंडन करायलाच हवं, कारण तेसुद्धा एकच आकडा दाखवून बाकीचे झाकतात.

विसाव्या वर्षीचे 43 हजार आणि आजचे 43 हजार एक नव्हेत. महागाई सरासरी 6 टक्के धरली, तर 20 वर्षांच्या सगळ्या हप्त्यांचं आजच्या पैशातलं मोल साडेसाठ लाखांच्या आसपास येतं. पन्नास लाख वीस वर्षं वापरायला दिल्याबद्दल साडेदहा लाख. याला लूट म्हणवत नाही. पगारदार माणसाला एवढ्या मोठ्या रकमेचं इतकं स्वस्त कर्ज दुसरं कुठलं मिळत नाही. पर्सनल लोनचा दर विचारून पाहा.

भाड्याचंही तसंच. आजचे 18 हजार वर्षाला 5 टक्क्यांनी वाढले तर एकोणिसाव्या वर्षी भाडं 43,300 वर येऊन हप्त्याला टेकतं, विसाव्या वर्षी पुढे जातं. वीस वर्षांचं एकूण भाडं 71 लाखांवर. एसआयपीवाले या वाढत्या भाड्याचा उल्लेख क्वचित करतात आणि 12 टक्के परतावा मात्र ठरलेला असल्यासारखा धरतात. शिवाय हप्ता आणि भाडं यांतला 25 हजारांपासून घटत जाणारा फरक वर्षानुवर्षं, न चुकता, लग्नकार्य, आजारपण आणि नवी गाडी या सगळ्यांना पुरून उरत गुंतवणारे किती? हप्ता सक्तीने बचत करून घेतो, हा त्याचा गुण मान्य करायला हवा. आणि अकरा महिन्यांच्या करारावर राहणाऱ्याला दर वर्षी ब्रोकरेज, टेम्पो, मुलांची शाळा दूर पडणं, “आम्हाला फ्लॅट विकायचाय” असा मालकाचा फोन, यांची किंमत ठाऊक असते. ती एक्सेलमध्ये बसत नाही, पण ती शून्यही नाही.

मग मंडन कशाचं? कर्ज घेण्याचंच, पण वेगळा आकडा डोळ्यांसमोर ठेवून. हप्ता नको, एकूण व्याजाची भीतीदायक बेरीजही नको. दर वर्षी एप्रिलमध्ये पाहायचा आकडा एकच, बाकी मुद्दल, आणि त्याच्या शेजारी आपलं वय. महागाईमुळे हप्ता हलका होतो हा वरचा युक्तिवाद एका अटीवर उभा आहे: पगार महागाईबरोबर वाढला पाहिजे. पंचेचाळिशीनंतर तो वाढेलच याची आयटीत, खाजगी बँकांत, माध्यमांत कोणी हमी देत नाही. कर्जाची खरी किंमत व्याजाच्या रुपयांइतकीच या वर्षांत मोजावी लागते: किती वर्षं आपल्याला नोकरी सोडता येणार नाही, गावी आई-बाबांकडे जाऊन राहता येणार नाही, पगार कमी असलेलं पण आवडीचं काम धरता येणार नाही.

ती वर्षं कमी करणं हातात आहे आणि त्यासाठी लॉटरी लागायची गरज नाही. वर्षाला एक जादा हप्ता भरला, बोनसमधून म्हणा, तर आपलं वीस वर्षांचं कर्ज साधारण सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि 10 लाखांच्या आसपास व्याज वाचतं. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर बँकांना यासाठी दंड घेता येत नाही, 2012 पासून. मात्र काउंटरवर स्पष्ट सांगावं की मुदत कमी करा, हप्ता नको. न सांगितल्यास हप्ता चारशेंच्या आसपास उतरू शकतो आणि वर्षं तिथेच राहतात. हे पैसे सुरुवातीच्या वर्षांत भरावेत. पंधराव्या वर्षी भरलेला लाख रुपया पाचच वर्षांचं व्याज वाचवतो, दुसऱ्या वर्षीचा अठरा वर्षांचं.

“साडेआठ टक्क्यांचं कर्ज फेडण्यापेक्षा तेच पैसे बाजारात टाकलेले बरे नाहीत का?” हा यावरचा शेवटचा आणि सर्वांत गंभीर आक्षेप. सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला नसेल, किंवा पीएफपलीकडे निवृत्तीची काही तरतूदच नसेल, तर आक्षेप बरोबर आहे. आधी ते करावं. ते झालेलं असेल तर फेडलेल्या रकमेवर साडेआठ टक्के नक्की वाचतात, आणि वाचलेल्या व्याजावर कर लागत नाही. एफडीच्या व्याजावर लागतो. शेअर बाजार याहून जास्त देऊही शकेल, पण मंदीत नोकरी गेली तर नेमका त्याच वेळी पोर्टफोलिओही पडलेला असतो. बाकी मुद्दल मात्र जितकं कमी केलं तितकं कमीच राहतं.

नवं कर्ज घेणाऱ्याने की फॅक्ट स्टेटमेंट हातात आल्याशिवाय सही करू नये. 1 ऑक्टोबर 2024 पासून मंजूर होणाऱ्या कर्जांना ते सक्तीचं आहे. त्यात फी धरून वर्षाचा खरा दर आणि परतफेडीचा तक्ता असतो, आणि बँकेमार्फत घेतला जाणारा विम्याचा हप्ताही त्या दरात धरावा लागतो. जाहिरातीतला दर आणि हा दर शेजारी ठेवून पाहावेत. आणि ज्यांचं कर्ज फिटत आलं आहे त्यांनी शेवटच्या हप्त्यानंतर मूळ करारनामा आणि बोजा उतरवल्याचे कागद मागून घ्यावेत. त्यासाठी बँकेला 30 दिवसांची मुदत आहे. तिच्या चुकीने उशीर झाला तर 1 डिसेंबर 2023 पासूनच्या नियमाप्रमाणे दिवसाला 5,000 रुपये तिने कर्जदाराला द्यायचे असतात.