‘किरकोळ रबर’ नेमकं कुठं असतं, साहेब?

मंडळी, गेल्या महिन्यात कराडहून आईला मिरजेला दवाखान्यात नेत होतो. पेठ नाक्याच्या अलीकडं गाडी बंद. २००९ ची पेट्रोल गाडी, सेकंडहँड घेतलेली, पण कधी दगा दिला नव्हता. स्टार्टर फिरतोय, इंजिन काही पकडत नाही. चावी ऑन केली की मागच्या सीटखालून दोन सेकंद ‘गूंऽऽ’ असा आवाज यायचा. तो आलाच नाही. आईला वडापमध्ये बसवून पुढं पाठवलं आणि गाडी टोचन लावून गॅरेजला नेली.

मेस्त्री भला माणूस. आधी फ्यूज बघितला, मग रिले बदलून बघितला, मग पंपाच्या कपलरला टेस्टर लावला. करंट येतोय, पंप फिरत नाही. म्हणजे पंपच गेला. (हे तिन्ही न बघता कुणी ‘पंप बदला’ म्हणत असेल तर तिथनं गाडी काढा. चाळीस रुपयांच्या फ्यूजपायी पाच हजारांचे पंप बदललेले लोक माझ्या ओळखीत आहेत.)

जुन्या मारुती ८०० ला पंप इंजिनावरच असायचा, बॉनेट उघडलं की हाताला लागायचा. इंजेक्शनच्या गाड्या आल्या आणि पंप गेला पेट्रोलच्या टाकीत. माझ्या गाडीत मागची सीट उचलली की खाली झाकण आहे. ते काढायचं, लाईनमधलं प्रेशर सोडायचं, पाइप काढायचे, मग अख्खी असेंब्ली वर येते: मोटर, जाळी, फ्लोट, सगळं एकत्र. आमची वर आली तर जाळी काळी ठिक्कर आणि तोंडाची रबरी रिंग फुगून अशी वाढलेली, की परत खाचेत बसेना. मेस्त्री म्हणाला, ‘‘सर, हल्ली असंच दिसतंय. टाकीतला जुना गाळ सुटतोय आणि जाळीत बसतोय.’’

पंप इथेनॉलनंच गेला असं मी शपथेवर सांगणार नाही. सोळा वर्षांचा पंप तसाही जातो. टाकी कायम रिझर्व्हवर ठेवली तरी जातो, कारण आतलं पेट्रोलच त्याला गार ठेवतं. पण ती फुगलेली रिंग माझ्याकडं आहे, आणि भांडण तिच्यावरून आहे.

ऑगस्ट २०२५ मध्ये लोकांनी ई-२० बद्दल आरडाओरडा केला तेव्हा पेट्रोलियम मंत्रालयानं सांगितलं, की काही जुन्या गाड्यांत वीस-तीस हजार किलोमीटरनंतर काही रबरी भाग, गॅस्केट बदलावे लागतील, पण ते स्वस्त आहेत, नेहमीच्या सर्व्हिसिंगमध्ये बदलून होतात. वा! रबर स्वस्त आहे हो. पण ते बसवलंय कुठं? टाकीच्या तोंडाशी. नेहमीच्या सर्व्हिसिंगला कोण सीट उचलून टाकी उघडतं? आणि काही गाड्यांना सीटखाली झाकणच नाही. तिथं टाकी रिकामी करा, गाडी वर घ्या, गंजलेले बोल्ट सोडवा, टाकी खाली उतरवा, तेव्हा ती ‘किरकोळ’ रिंग दिसणार. वर दुकानात नुसती रिंग मिळेलच असं नाही, ‘असेंब्लीच घ्या’ म्हणतात. माझं बिल पाच हजार पाचशे झालं.

यात नवीन काय, तर हे सगळं सरकारला आधीच ठाऊक होतं. नीती आयोगाचा जून २०२१ चा इथेनॉल अहवाल आहे. त्यातच लिहिलंय, की जुन्या धर्तीच्या चारचाकींचं मायलेज ई-२० वर सहा-सात टक्के घसरू शकतं. जुन्या गाड्यांसाठी ई-१० पेट्रोल मिळत राहावं, हेही त्यातच आहे. मग अहवालातलं २०२५ चं टार्गेट तेवढं उचललं आणि ई-१० चा नोझल कुठं हरवला? ई-२० ला चालणाऱ्या गाड्या आल्या एप्रिल २०२३ पासून. त्याआधीच्या कोट्यवधी गाड्यांचं काय, हे पंपावरच्या पोराला विचारायचं का?

आता कुणी म्हणेल, सांगलीचा माणूस असून इथेनॉलच्या विरोधात बोलतोय! माझ्या चुलत्यांचा ऊस कारखान्याला जातो. इथेनॉलमुळं बिल वेळेत मिळत असेल तर मला आनंदच आहे. पण शेतकऱ्याला द्यायचं ते माझ्या टाकीतनं, मला न विचारता काढू नका. इथेनॉल वाढलं म्हणून माझं पेट्रोल एका पैशानं स्वस्त झालेलं नाही.

आणि जुन्या गाड्या चालवतं कोण? १५ वर्षांनंतर पासिंगला पाच हजार फी भरणारा, वर ग्रीन टॅक्स भरणारा माणूस. त्याला नवी गाडी परवडत असती तर त्यानं ही ठेवली असती का?

आपली मागणी साधी आहे. प्रत्येक पंपावर निदान एक ई-१० चा नोझल द्या. किती टक्के मिसळलंय ते मशीनवर ठळक लिहा. आणि जुन्या गाड्यांसाठी नुसती रिंग-गॅस्केटची किट बाजारात आणायला कंपन्यांना भाग पाडा.

तुमच्या गाडीचा पंप गेला असेल तर कमेंटमध्ये मॉडेलचं साल, किलोमीटर आणि बिलाचा आकडा लिहा. जुना पार्ट गॅरेजवाल्याकडनं मागून घ्या, फोटो टाका. यादी करून पुढच्या महिन्यात खासदारांच्या ऑफिसात नेऊन देणार आहे. रिंग माझ्याकडं आहेच.