न गाणारा, न वाजविणारा

गीतातील शब्द म्हणजे चालीला लावलेली झालर, आणि पाश्चात्त्य रॉक संगीतातील शब्द तर निव्वळ गोंगाटाचे निमित्त, असे मत आपल्या साहित्यवर्तुळांत अजूनही मोठ्या आत्मविश्वासाने मांडले जाते. २०१६ मध्ये बॉब डिलन यांना नोबेल पारितोषिक जाहीर झाले, तेव्हा हाच सूर अधिक चढला. आम्हांस हे मत मान्य नाही. ज्यांना ते मान्य आहे त्यांनी कीथ रीड या ब्रिटिश गीतकाराच्या कारकिर्दीकडे एकदा निवांतपणे पाहावे.

रीड यांचा जन्म १९४६ चा. वडील व्हिएन्नातील ज्यू वकील. नोव्हेंबर १९३८ च्या ज्यूविरोधी हिंसाचारात त्यांना पकडून डाखाउच्या छळछावणीत डांबण्यात आले. पुढे सुटून ते इंग्लंडला आले. मुलगा लंडनच्या ईस्ट एंड भागात वाढला आणि त्याने शाळाही लवकरच सोडली. आपल्या लेखनातील काळोख बहुधा याच वारशातून आला असावा, असे रीड यांनी पुढे स्वतःच सांगितले आहे. गोंगाटाला निमित्त पुरविणाऱ्याची ही पार्श्वभूमी नव्हे.

१९६७ मध्ये गायक व पियानोवादक गॅरी ब्रुकर यांच्यासमवेत 'प्रोकोल हॅरम' हा वाद्यवृंद उभा राहिला. रीड ना गात, ना कोणते वाद्य वाजवीत. तरीही वादकांच्या बरोबरीने त्यांची गणना वृंदाचे सभासद म्हणून होई. यात कोणाचे औदार्य नव्हते. रीड आधी शब्द लिहीत आणि ब्रुकर त्यांना चाल लावीत. झालर आधी विणून मग तिच्यासाठी वस्त्र बेतल्याचे कोणी ऐकले आहे काय?

त्यांचे पहिलेच गीत 'अ व्हायटर शेड ऑफ पेल' १९६७ च्या उन्हाळ्यात ब्रिटनमध्ये सहा आठवडे अग्रस्थानी राहिले. या गीतास अर्थच नाही, हा त्यावरील जुना आक्षेप. स्त्रीपुरुषांमधील एका धूसर, भोवंडलेल्या रात्रीचे ते गीत आहे. भोवंडलेल्या मनाला प्रतिमा जशा सुचाव्यात तशाच तेथे येतात. मर्ढेकर आणि ग्रेस यांच्या प्रतिमांपुढे संयमाने थांबणारे रसिक येथे मात्र पहिल्याच ओळीपाशी अर्थाचा दाखला मागतात. हा न्याय कोणता?

दुसरा आक्षेप असा की, चाल काढून घेतली तर हे शब्द कागदावर उभे राहत नाहीत. परंतु बोटीची परीक्षा कोणी गोदीत करीत नाही. या गीताची मूळ चार कडवी होती. ध्वनिमुद्रिकेत त्यांतली दोनच आली. कागदावर हा अंगच्छेद ठरला असता. गीतात मात्र मॅथ्यू फिशर यांच्या ऑर्गनने उरलेली जागा भरली आणि ऐकणाऱ्यास काही उणे भासले नाही. सुरांसाठी जागा सोडणे हेही शब्दकाराचेच कौशल्य होय.

याच ऑर्गनवादनापायी पुढे खटला झाला. २००९ मध्ये ब्रिटनच्या हाउस ऑफ लॉर्ड्सने गीताच्या संगीतात फिशर यांचा चाळीस टक्के वाटा मान्य केला. वाद होता तो संगीताचा. शब्दांची मालकी वेगळी होती व वेगळीच राहिली. कायद्याच्या वहीत शब्द ही स्वतंत्र निर्मिती आहे. आमची समीक्षा अद्याप तेथवर पोहोचलेली नाही.

रीड यांच्या सर्वच ओळी सारख्या तोलाच्या आहेत, असे आम्ही म्हणत नाही. कोठे कोठे नुसते शब्दांचे कोडे उरते. मात्र दुर्बोधता ही त्यांची मर्यादा नव्हती. १९८६ मध्ये जॉन फार्नहॅम या ऑस्ट्रेलियन गायकाने गाजविलेले 'यू'र द व्हॉइस' हे सरळ, जनसमूहाला उद्देशून केलेले आवाहन आहे, आणि त्याच्या लेखकांत रीड आहेत. २०२३ मध्ये ते निवर्तले.

आपल्या मंडळींना तर हे सांगावे लागू नये. ग्वाल्हेरच्या भास्कर रामचंद्र तांब्यांची कविता आपल्यापैकी अनेकांकडे पुस्तकाआधी गळ्यातून आली. १९५५ मध्ये पुणे आकाशवाणीवरून सुरू झालेले 'गीतरामायण' आपण ऐकता ऐकता पाठ केले, आणि तरीही माडगूळकर कवी की गीतकार, हा घोळ घालीत बसलो. गीतकारास वेगळ्या पंगतीत बसविण्याचा हा रिवाज आता मोडावा. रीड आवडोत वा न आवडोत; आधी ऐकावे, मग बोलावे.